मेलला पोच नसते

कळमनुरीच्या तहसील कचेरीत कुठलं काम कुठल्या टेबलावर अडतं, हे आत बसणाऱ्या साहेबांपेक्षा बाहेर बसणाऱ्या शेख इब्राहीम यांना जास्त ठाऊक होतं. याबद्दल तालुक्यात कुणाचं दुमत नव्हतं. साहेब बदलून येत आणि बदलून जात. इब्राहीमभाई मात्र एकेचाळीस वर्षं फाटकासमोरच्या त्याच पत्र्याखाली, एक मराठी आणि एक इंग्रजी असे दोन टाइपरायटर मांडून लोकांचे अर्ज लिहीत आले होते. आत कुणी नवीन कारकून रुजू झाला की जुने लोक त्याला सांगत, "काही अडलं तर भायेर भाईला इचारा." आणि तो विचारायचा.

त्यांच्याकडे एक जाड वही होती. तिला ते टेबलवही म्हणत. वारसाची नोंद कुणाकडे, रेशनकार्डातलं नाव कमी करायचं तर कुणाकडे, शेजाऱ्याने पाणंद अडवली तर आधी कुणाकडे आणि मग कुणाकडे, हे सगळं त्या वहीत त्यांच्या बारीक, टोकदार अक्षरात लिहिलेलं होतं. माणूस बदलला की नाव खोडून नवं लिहायचे. टेबल सहसा बदलत नसे.

वहीपेक्षाही पक्के होते त्यांचे दोन नियम. पहिला असा, की अर्ज नेहमी सगळ्यात वरच्या साहेबाच्या नावाने करायचा आणि खालच्यांना नुसत्या प्रती पाठवायच्या. वरून शेरा मारून कागद खाली आला की खालचा कारकून खुर्चीतून उठतो, आणि खालून वर चढवायला दिलेला कागद वाटेतच झोपी जातो. दुसरा नियम, पोच घेतल्याशिवाय जागचं हलायचं नाही. शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक. या तीन गोष्टी हातात असल्या की सरकार नाही म्हणू शकत नाही, असं ते म्हणत. स्वतःच्या हाताने मिळवलेल्या पोचपावत्या त्यांनी बिस्किटांच्या एका पत्र्याच्या डब्यात जपून ठेवल्या होत्या. घरी जैनबबी, म्हणजे त्यांची बायको, त्या डब्याला तुमची दौलत म्हणून चिडवायची. त्यांना ते आवडायचं.

अलीकडे गिऱ्हाईक कमी झालं होतं, हे खरं. फाटकाच्या पलीकडेच सेतू केंद्र निघालं, लोक अंगठा लावून ऑनलाइन अर्ज करू लागले. इब्राहीमभाईंचा त्या प्रकारावर मुळीच विश्वास नव्हता. आणि त्यांचा अविश्वास उगाच नव्हता, याचा पुरावा शिवकन्याच होती.

शिवकन्या ही आखाडा बाळापूरच्या सटवाजीची मुलगी. सटवाजीचा हळद शिजवण्याचा कुकर होता. हंगामात तो ट्रॅक्टरला जोडून रानोरानी न्यायचा, लोकांची हळद वाफेवर उकडून द्यायची, हा त्याचा धंदा. बारावीनंतर शिवकन्येने जातीच्या दाखल्याच्या पडताळणीसाठी सेतूत ऑनलाइन अर्ज भरला, आणि तो कुठे गायब झाला ते कुणालाच सांगता येईना. प्रवेशाची तारीख तोंडावर आली तेव्हा सटवाजी तिला घेऊन पत्र्याखाली आला. इब्राहीमभाईंनी नवा अर्ज टाइप केला, स्वतः हिंगोलीला जाऊन शिक्का मारून आणला, आवक क्रमांकाचा पाठपुरावा केला आणि अठराव्या दिवशी दाखला पोरीच्या हातात ठेवला. त्या दिवसापासून सटवाजीच्या घरात इब्राहीमभाई म्हणतील ती पूर्व दिशा. शिवकन्याही एक गोष्ट शिकली. जे ऑनलाइन जातं ते जातं, आणि ज्याची पोच असते ते राहतं.

ही पोरगी पुढे विमान चालवायला निघेल असं कुणाला वाटलं नव्हतं. पण ती हट्टाची होती. पदवीनंतर तिने वैमानिक प्रशिक्षणाच्या एका सरकारी योजनेची परीक्षा दिली आणि निवडयादीत तिचं नाव आलं. बाळापुरात फटाके वाजले. योजनेच्या वयाच्या अटीत ती शेवटच्या वर्षाला बसत होती, म्हणजे पुढच्या साली पुन्हा अर्ज करायची सोय नव्हती. आता एकच गोष्ट उरली होती. दहा एप्रिलपर्यंत विमानवाहतुकीच्या नियामक कार्यालयाचं, विमान चालवायला प्रकृतीने लायक असल्याचं प्रमाणपत्र हजर करायचं. नाही केलं तर जागा यादीतल्या पुढच्या उमेदवाराला.

फेब्रुवारीच्या बारा तारखेला शिवकन्या बसने कळमनुरीला आली ती नियामकाच्या तपासणीनंतर आलेलं पत्र घेऊनच. सोबत सटवाजी होता. हंगाम असल्यामुळे त्याच्या अंगाला हळदीचा वास येत होता आणि नखं पिवळी होती.

"भाई, पोरीला नापास केलं म्हनून राहिले," तो म्हणाला.

"नापास न्हाई, बाबा. तात्पुरती अपात्र," शिवकन्या म्हणाली. "चाचा, मी नऊ वर्षांची असताना मला छातीचा आजार झाला व्हता न्हाई का, सहा महिने गोळ्या खाल्ल्या व्हत्या. त्याचा डाग छातीच्या फोटोत दिसून राहिला. ते म्हणतात, त्या उपचाराचे कागद द्या आन् छातीच्या डॉक्टरचा अभिप्राय द्या. पाच फेब्रुवारीपासून साठ दिवसांत."

"कागद हायेत?"

होते. सरकारी दवाखान्यातलं उपचार पूर्ण झाल्याचं कार्ड सटवाजीने पंधरा वर्षं देव्हाऱ्याच्या फळीवर ठेवलं होतं. नांदेडच्या डॉक्टरचा अभिप्राय ती आदल्या दिवशीच घेऊन आली होती. डाग जुना आहे, आजार पूर्ण बरा आहे, असं त्यात स्वच्छ लिहिलं होतं. म्हणजे जे हवं ते सगळं त्या सकाळी त्या पत्र्याखाली, एका प्लॅस्टिकच्या पिशवीत हजर होतं. राहिलं होतं ते फक्त पाठवणं.

इब्राहीमभाईंनी चष्मा लावला आणि पत्र वाचलं. त्यांची वाचायची एक पद्धत होती. माथ्यावरून कचेरी बघायची, सहीवरून साहेब बघायचा, आणि तळाचा बारीक मजकूर सोडून द्यायचा. त्यांच्या अनुभवात पत्राच्या तळाशी ज्यांची नावं असतात त्यांच्या हातात काही नसतं.

"चाचा, खाली मेल आयडी दिलेला हाय," शिवकन्या म्हणाली. "वैद्यकीय विभागाचा. कागद तिथं पाठवा असं लिवलं. मी काल रातच्याला मेल लिहून पन ठिवला, फकस्त पाठवायचा राहिला."

इब्राहीमभाईंनी चष्म्यावरून तिच्याकडे पाहिलं. त्या नजरेत रागावणं नव्हतं, उलट कौतुकच होतं, आणि हेच वाईट झालं.

"बेटा, विभाग म्हनजे काय? खालचं टेबल. तिथं कोन बसून राहिला, तुला माहीत? न्हाई. त्याने मेल बघितला का न्हाई, माहीत? न्हाई. उद्या तो म्हनला, आमाला काही आलंच न्हाई, तर तू काय दाखवशील? मेलला पोच नसते. तुझ्या दाखल्याचं काय झालं व्हतं, इसरली का?"

ती विसरली नव्हती. तरीही ती हळूच म्हणाली, "दोनी करावं का? मेल बी आन् अर्ज बी?"

"ती चूक तर करूच नको. एका कामाचे दोन अर्ज गेले की फाइली दोन होतात. मग हा म्हनतो त्याच्याकडं, तो म्हनतो ह्याच्याकडं. जिंदगी बघण्यात गेली माझी हे."

सटवाजी म्हणाला, "शिवकन्या, भाई म्हनतात तसं कर." आणि पोरीने फोन पर्समध्ये ठेवला.

तीन दिवस खपून इब्राहीमभाईंनी अर्ज तयार केला. इंग्रजी मजकूर शिवकन्येचा, मांडणी त्यांची. अर्ज दिल्लीतल्या मंत्रालयाच्या सगळ्यात मोठ्या साहेबांच्या नावे. प्रती चार. नियामक कार्यालयाचे प्रमुख, त्याच कार्यालयाची मुंबईची शाखा, देशातली विमानतळं सांभाळणारी संस्था, आणि जिल्हाधिकारी, हिंगोली. शेवटची प्रत कशाला, असं शिवकन्येने विचारलं तर ते म्हणाले, आपल्या जिल्ह्याच्या बापाला सांगितल्याशिवाय दिल्लीला जाणं बरं दिसत नाही. प्रत्येक पाकिटात कार्डाची आणि अभिप्रायाची साक्षांकित झेरॉक्स घातली. पत्रव्यवहाराचा पत्ता त्यांनी स्वतःचा दिला, नेहमी देत तसा. पोस्टात जाऊन पाचही पाकिटं पोचेच्या कार्डासह रजिस्टर केली आणि टेबलवहीत एका कोऱ्या पानावर मथळा लिहिला, 'विमान'. एकेचाळीस वर्षांत त्या वहीत असं पान पडलं नव्हतं. त्या दिवशी घरी जाताना ते जरा ताठ चालत होते, असं जैनबबी नंतर सांगायची.

पहिली पोच हिंगोलीची आली, मग मुंबईची, मग दिल्लीच्या तिन्ही. मार्चच्या दुसऱ्या आठवड्यापर्यंत पाचही कार्डं परत आली, प्रत्येकावर सही, प्रत्येकावर शिक्का. इब्राहीमभाईंनी ती डब्यात न टाकता रबर लावून वेगळी ठेवली आणि येईल त्याला दाखवली. चहावाल्याला दाखवली, स्टॅम्पवाल्याला दाखवली, वकिलांना दाखवली. सटवाजीला फोन करून म्हणाले, "पाचच्या पाच. आता काम त्यांच्या गळ्यात पडलं." सटवाजीने ही बातमी कुकरच्या भोवती उभ्या असलेल्या दहा जणांना सांगितली.

अर्धा मार्च उलटला तरी उत्तर नव्हतं.

वीस मार्चला आत आवक-जावक बघणारा हरिचंद कारकून पत्र्याखाली आला. त्याच्या हातात एक कागद होता.

"भाई, हा टाइप तुमचाच ना? ह्यातला इंग्रजी 'आर' अर्धाच उमटून राहिला."

अर्ज त्यांचाच होता. जिल्हाधिकारी कार्यालयाने तो 'योग्य त्या कार्यवाहीस्तव' उपविभागीय कार्यालयाकडे पाठवला होता, आणि तिथून तो, अर्जदार कळमनुरी तालुक्यातली म्हणून, इथे आला होता. सव्वा महिना फिरून कागद इब्राहीमभाईंच्या खुर्चीपासून वीस पावलांवर येऊन पडला होता.

"ह्याच्यावर अहवाल मागितला हाय," हरिचंद म्हणाला. "म्या काय लिवू? तुमीच सांगा."

दुसऱ्या कुणाच्या अर्जाचं असं झालं असतं तर इब्राहीमभाई पोट धरून हसले असते. आता त्यांनी नुसता कागद उलटसुलट करून पाहिला. "लिव," ते म्हणाले, "सदर विषय या कार्यालयाच्या अखत्यारीत येत न्हाई." हरिचंदने तसंच लिहिलं. मागच्या बाजूला, साहेबांच्या सांगण्यावरून, कळमनुरी तालुक्यात विमानतळ नसल्याचंही नमूद केलं.

दोनच दिवसांनी विमानतळवाल्या संस्थेचं पत्र आलं. आम्ही धावपट्ट्या आणि इमारती बघतो, वैमानिकांच्या प्रकृतीशी आमचा संबंध नाही, अर्ज नियामकाकडे पाठवला आहे. इब्राहीमभाईंनी वहीत 'विमान'च्या पानावर पहिली ओळ लिहिली. धावपट्टी, इमारत, विमानतळाचं बांधकाम : ही संस्था. आणि शिवकन्येला फोन केला.

"चाचा, साठातले पंधराच दिवस राहिले," ती म्हणाली. "आता तरी मेल करू का?"

आता तरी हो म्हणावं, असं त्यांना एक क्षण वाटलं. खरंच वाटलं होतं, पुढे ते स्वतःच तसं म्हणत. पण पत्रात 'नियामकाकडे पाठवला आहे' हे शब्द होते. कागद योग्य कचेरीच्या दिशेने निघालेला असताना मध्येच दुसरा अर्ज टाकायचा म्हणजे चालत्या बैलापुढे काठी घालायची. "दम धर बेटा," ते म्हणाले. "फाइल चालू लागली."

चार एप्रिलला, शुक्रवारी, त्यांनी स्वतः दिल्लीला फोन लावला. आधी नुसतीच घंटी वाजत राहिली. दुपारी दोनला कुणीतरी उचलला आणि विचारलं, कौनसा सेक्शन? इब्राहीमभाई म्हणाले, "बडे साहब." पलीकडच्या माणसाने सुस्कारा टाकून एक नंबर दिला. तो लायसनवाल्यांचा निघाला. ते म्हणाले, लायसन काढायचं असेल तर आमच्याकडे, प्रकृतीचं आमच्याकडे नाही. त्यांनी दिलेला नंबर परीक्षा घेणाऱ्यांचा निघाला. हॉल तिकिटाची अडचण आहे का, असं त्यांनी विचारलं. तिसऱ्या ठिकाणी एका बाईने अगदी गोड आवाजात त्यांची कुठली बॅग हरवली आहे ते विचारलं. बॅग नाही, असं त्यांनी सांगितल्यावर तिने प्रवाशांच्या तक्रारींचं दालन वेगळं असल्याचं समजावलं. इब्राहीमभाई प्रत्येक वेळी कान आणि खांदा यांच्यात फोन धरून वहीत लिहीत होते. लायसन : अमुक. परीक्षा : तमुक. सामान हरवलं, विमान उशिरा आलं : तिसरं दालन. विमान पडलं तर चौकशी करणारी कचेरी आणखी चौथीच, हेही त्यांना त्या दिवशी कळलं.

साडेपाचला मंत्रालयातल्या एका लिपिकाने आवक क्रमांक विचारला. हा प्रश्न ऐकून इब्राहीमभाईंना आपल्या माणसात आल्यागत वाटलं. त्यांनी पोचेवरचा क्रमांक खणखणीत आवाजात वाचून दाखवला. लिपिक म्हणाला, हां, चिट्ठी आई है, संबंधित विभाग को भेज दी गई है.

"झालं," इब्राहीमभाईंनी फोन ठेवून शिवकन्येला कळवलं. "पोचलं संबंधिताकडं. आता बेफिकीर ऱ्हा."

चाळीस वर्षं त्या शब्दांचा अर्थ काम झालं असाच होत आला होता. सहा एप्रिलला साठ दिवस भरले. तो रविवार होता. त्या दिवशी इब्राहीमभाईंच्या घरी एका लग्नाची पाहुणेमंडळी आली होती आणि ते मजेत होते. आठ तारखेला मुंबईच्या शाखेचं पत्र आलं. त्यात प्रकृतीच्या बाबतीत कुणाला, कुठे, कसं लिहायचं हे नीट समजावलेलं होतं. पत्र अतिशय सभ्य होतं. दहा तारीख आली आणि गेली. सतरा एप्रिलला दिल्लीच्या वैद्यकीय विभागाचं उत्तर आलं. आपला अर्ज मंत्रालयामार्फत या विभागास अकरा एप्रिल रोजी प्राप्त झाला. विहित मुदत संपली असल्याने प्रकरण बंद करण्यात आलं आहे. आपण नव्याने तपासणीस पात्र आहात. नियामकाच्या प्रमुखांना थेट गेलेल्या प्रतीचं काय झालं, ते कधीच कळलं नाही.

नव्याने तपासणी करून काय करायची होती? योजनेची जागा अकरा तारखेलाच यादीतल्या पुढच्या पोराला गेली होती.

त्या दिवशी इब्राहीमभाईंनी दोन गिऱ्हाइकं परत पाठवली आणि पहिलं पत्र पुन्हा काढलं, फेब्रुवारीतलं. या खेपेला ते तळापासून वाचलं. सगळ्यात शेवटची ओळ, सहीच्याही खाली, बारीक ठशात होती. या संदर्भातील कागदपत्रे अर्जदाराने स्वतः खालील ईमेलवर वैद्यकीय विभागास पाठवावीत, अन्य कार्यालयांशी पत्रव्यवहार करू नये. ओळ किती साधी होती! दहावी झालेल्या पोराला कळली असती. शिवकन्येला तर कळलीच होती. तिने बोट ठेवून दाखवली होती आणि त्यांनीच ते बोट बाजूला केलं होतं.

ते उठून घरी गेले आणि चार दिवस आलेच नाहीत. पत्र्याखाली कुणी नाही हे बघून लोकांना वाटलं, भाईंना बरं नाही. जैनबबीने जेवण वाढलं की ते जेवत, विचारलं तर बोलत, पण टाइपरायटरवरचं फडकं त्यांनी काढलं नाही. पाचव्या दिवशी ती म्हणाली, "जाओ, लोगां राह देख रहे होंगे." ते गेले, कारण दुसरं काय करायचं ते त्यांना सुचत नव्हतं. रिकाम्या वेळात त्यांनी मुंबईच्या पत्रावरून 'विमान'चं पान पुरं केलं. आता त्या पानावर सगळं होतं. कुठल्या अडचणीसाठी कुठला विभाग, कुठला पत्ता, काय जोडायचं, कोणाला अजिबात लिहायचं नाही. अख्ख्या हिंगोली जिल्ह्यात इतकं नेटकं पान दुसऱ्या कुणाकडे नसेल. आणि ते कुणी कधी विचारायला येणार नव्हतं.

मे महिन्यात हळदीचा हंगाम उरकल्यावर सटवाजी आला. पांढरा धुतलेला शर्ट, हातात पिशवी, मागे शिवकन्या. पत्र्याखाली बसलेल्या लोकांसमोर त्याने पिशवीतून नवा टॉवेल, टोपी आणि नारळ काढला.

"हे काय, सटवाजी?"

"राहू द्या भाई. पोरीच्या नशिबात न्हाई, त्याला तुमी काय करनार? पर तुमी माह्या लेकराचा अर्ज दिल्लीच्या मंत्रालयापोतर नेला. पाच पोचा आनल्या. आमच्या बापजाद्यात कोनाला दिल्लीची पोच आली न्हाई." आणि त्याने टोपी इब्राहीमभाईंच्या डोक्यावर ठेवली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. चहावाल्यानेही वाजवल्या.

इब्राहीमभाईंनी टोपी काढली.

"सटवाजी, माझं ऐक. माझ्यामुळं गेलं हे. पोरगी पहिल्याच दिवशी म्हनत व्हती मेल करू. म्याच करू दिला न्हाई. खाली लिवलेलं व्हतं, म्या वाचलं न्हाई. माझ्यामुळं गेलं, कळलं का तुला?"

सटवाजी हसला. ते हसणं बघून इब्राहीमभाईंना रडू फुटेल असं वाटलं. "तुमचं मन मोठं हाय म्हनून असं बोलून राहिले तुमी," तो म्हणाला. "तुमच्या हातून चूक व्हईल? मंग आमी कोनाकडं जावं?" टॉवेल त्याने त्यांच्या खांद्यावर नीट घातला आणि नारळ मांडीवर ठेवला. या माणसाला काहीही सांगितलं तरी पटणार नाही, हे त्यांना कळलं. त्यांचा गुन्हासुद्धा कुणी दाखल करून घेत नव्हतं.

त्यांनी शिवकन्येकडे पाहिलं. तिने बापाला काही सांगितलं नव्हतं, एवढं तर उघड होतं. ती खाली बघत होती. वसमतच्या हळद बाजारात एका व्यापाऱ्याकडे तिला संगणकावरचं काम मिळालं होतं, सोमवारपासून जायचं होतं. सटवाजी उठून हरिचंदला भेटायला आत गेला. लोक पांगले.

"बेटा, तू शिव्या देत काहून न्हाईस मला?" इब्राहीमभाई म्हणाले.

"काय फायदा, चाचा?" ती म्हणाली. आवाजात राग नव्हता. राग असता तर त्यांना सोसलं असतं. "मी बी तर ऐकलंच ना तुमचं. पाठवायचा व्हता तर गुपचूप बी पाठवता आला असता. हातात व्हता."

"तो मेल हाय का अजून?"

तिने पर्समधून फोन काढला. न पाठवलेल्या पत्रांत तो होता, अकरा फेब्रुवारीच्या तारखेचा. चार ओळींचा. मी अमुक, माझा क्रमांक अमुक, आपल्या पत्राप्रमाणे दोन कागद जोडले आहेत, कृपया फेरविचार व्हावा. एकेचाळीस वर्षं लोकांचे अर्ज लिहिणाऱ्या माणसाने तो दोनदा वाचला आणि त्यात काढायला एक शब्द सापडला नाही, घालायला एक शब्द सापडला नाही.

"पुसून टाकू का?" तिने विचारलं.

"पाठव," ते म्हणाले.

"आता? आता कशाला?"

"मला बघायचंय."

तिने त्यांच्याकडे बघितलं आणि बटण दाबलं. रस्त्यावरून बाळापूरकडे जाणारी बस गेली, तिची धूळ पत्र्याखाली आली. शिवकन्येने पदराने फोनची काच पुसली. तेवढ्यात फोन वाजला.

"काय आलं?"

तिने आधी मनातच वाचलं.

"वाच की."

"आपला मेल वैद्यकीय विभागास मिळाला आहे." ती एकेक शब्द सावकाश मराठीत करून सांगत होती. "आजची तारीख. खाली नंबर हाय. पुढील पत्रव्यवहारात हा नंबर लिहावा."

इब्राहीमभाईंनी हात पुढे केला. तिने फोन दिला. त्यांनी चष्मा वर सरकवून ती तारीख बघितली, तो क्रमांक बघितला. मग सवयीने टेबलवही उघडली, 'विमान'चं पान काढलं, प्रकृतीच्या ओळीसमोर तो क्रमांक एकेक आकडा तपासत उतरवून घेतला आणि खाली तारीख टाकली. नारळ अजून मांडीवरच होता.

"पोच यायला किती वेळ लागला गं?" त्यांनी वहीतून मान वर न करता विचारलं.

शिवकन्येला ते सांगावंसं वाटत नव्हतं. पण त्यांनी पुन्हा विचारलं.

"लगेच आली, चाचा," ती म्हणाली.